‘आपण’मधला ‘प’

हणमंत बुगड यांनी आयुष्यभर दुसऱ्यांच्या चुका काढल्या आणि लोकांनी त्याबद्दल त्यांचे आभारच मानले. इचलकरंजीत त्यांना सगळे बुगड अण्णा म्हणत. तरुणपणी त्यांनी यंत्रमाग कामगारांच्या संघटनेची पत्रकं लिहिली, पुढे राजकीय विचारांची पुस्तकं छापणारं एक लहानसं प्रकाशन चालवलं आणि ते बंद पडल्यावर पुण्याच्या प्रकाशकांची मुद्रितं तपासायला घेतली. आता २०४७ साल चालू होतं. शुद्धलेखन तपासणारी यंत्रं केव्हाच आली होती आणि अण्णा चष्मा पुसेपर्यंत ती अख्खं पुस्तक तपासून मोकळी होत. तरी काही प्रकाशक अजून अण्णांकडेच मुद्रितं पाठवत. यंत्राला ऱ्हस्वदीर्घ कळतं, पण लेखकावर संशय घेता येत नाही. अण्णांना तो पोटभर घेता येई.

त्या मंगळवारी सकाळी मात्र त्यांच्या टेबलावर जे मुद्रित पडलं होतं, त्याच्या लेखिकेवर संशय घ्यायची त्यांची छाती होत नव्हती. पुस्तकाचं नाव ‘आम्ही, अबोल’. लेखिका रेवा बुगड, अण्णांची मुलगी. वय एकतीस. तिच्या तोंडून आजवर एकही शब्द बाहेर पडला नव्हता.

शेजारच्या खोलीत रेवा खिडकीपाशी उभी राहून उन्हात बोटं हलवत होती. हे ती रोज सकाळी तासभर करी. तिसऱ्या वर्षी डॉक्टरांनी तिला ‘स्वमग्न’ ठरवलं, तेव्हापासून घरात आलेला प्रत्येक पाहुणा त्या बोटांकडे बघून हळहळला होता. पुस्तकाच्या पहिल्याच पानावर रेवानं त्या शब्दाची हजेरी घेतली होती. ‘स्वमग्न म्हणे. मी स्वतःत कुठली मग्न असणार? तुमच्या घड्याळांची टिकटिक, तुमच्या साड्यांची सळसळ, तुमच्या आवाजातला राग, हे सगळं एकदम आत येतं. मी दिवसभर तुमच्यातच बुडालेली असते.’ अण्णांनी ते पान पहिल्यांदा वाचलं, तेव्हा त्यांना उठून अंगणात जाऊन उभं राहावं लागलं होतं.

हे पुस्तक लिहिलं गेलं ते गळ्यातल्या पट्ट्यामुळे. आपण बोलतो तेव्हा आवाज निघण्याच्या आधीच ओठ, जीभ आणि घसा यांच्या स्नायूंना मेंदूकडून बारीक विद्युतसंदेश जातात. मनातल्या मनात बोललं तरी ते जातातच, फक्त फार क्षीण असतात. न बोलणाऱ्या अनेक स्वमग्न माणसांत शब्द पूर्ण तयार असतो, संदेशही निघतो, पण स्नायूंची एकमेकांशी जुळणी होत नाही आणि शब्द दारातच अडतो, असं संशोधकांच्या लक्षात आलं. मग गळ्याभोवती आणि हनुवटीखाली बसणारा एक मऊ पट्टा निघाला. तो हे संदेश टिपतो, त्यांचे शब्द करतो, पडद्यावर लिहितो आणि मोठ्यानं म्हणूनही दाखवतो. संदेश जिथे फारच पुसट असेल, तिथे तो त्या माणसाच्या बोलण्याच्या सवयीवरून अंदाज बांधतो. ही सवय त्याला पहिल्या पंधरा दिवसांत घरातल्या कुणीतरी जवळ बसून शिकवायची असते.

दीड वर्षापूर्वी रेवाच्या गळ्यात पट्टा बसला आणि दहा मिनिटांनी पडद्यावर पहिलं वाक्य उमटलं, ‘पाणी हवं स्वल्पविराम गार पूर्णविराम’. पट्टा बसवणाऱ्या केंद्रातली माणसं गोंधळली. अण्णा मात्र हसता हसता रडायला लागले. रेवा लहान असताना तिची आई, कालिंदी, अण्णांना मुद्रितं वाचून दाखवायची. एकानं मूळ प्रत विरामचिन्हांसकट मोठ्यानं वाचायची आणि दुसऱ्यानं छापील कागदावर नजर ठेवायची, ही त्यांची जुनी रीत. टेबलाखाली बसलेली, काही कळत नाही असं सगळ्यांनी धरून चाललेली पोर ते ऐकत होती. कामगार चळवळ, जात, तुरुंग, स्त्रियांचे प्रश्न, पुढे वेगळ्या मेंदूंच्या माणसांच्या हक्कांवरची पुस्तकं, असं सारं कपाट तिच्या कानांवरून स्वल्पविरामांसकट गेलं होतं. ते ऐकायला कालिंदी राहिली नव्हती, याचं अण्णांना त्या दिवशी फार वाईट वाटलं. पुढे रेवानं साध्या बोलण्यात विरामचिन्हं म्हणणं सोडलं. फक्त चिडली की म्हणायची.

तर असं हे पुस्तक. शुक्रवारी ते छापायला जायचं होतं. वर्षभर अण्णांनी त्याची प्रकरणं एकेक करून तपासली होती आणि प्रत्येक प्रकरण त्यांना स्वतःवरच्या आरोपपत्रासारखं लागलं होतं. पानापानावर ‘आम्ही’. आम्हाला हे वाटतं, आम्ही असं बघतो. एका बाजूला रेवा आणि तिच्यासारखे न बोलणारे, दुसऱ्या बाजूला बोलणारी सगळी दुनिया, त्यातच अण्णा. ते त्यांना नाकारता येत नव्हतं. रेवाच्या आठव्या वर्षापासून चौदाव्या वर्षापर्यंत ते रोज दुपारी तिला एका वर्गात नेऊन सोडत होते. तिथली बाई तिला ‘हात खाली’ असं दिवसातून शंभरदा सांगे आणि हात खाली राहिले की बिस्कीट देई. अण्णा बाहेर बाकावर बसून शोषणावरची पुस्तकं तपासत.

एकसष्टाव्या पानावर अण्णांचं पेन थांबलं. तिथे छापलं होतं, ‘जन्मल्यावर वर्षभर आम्ही कुणीच बोललो नाही. तरी घरातले सगळे आमच्याशी बोलत होते. मग कुणीतरी दिनदर्शिका पाहिली आणि बोलणं थांबवलं.’

वाक्य छान होतं. पण मुद्रितशोधकाचं डोकं छान वाक्यावर भाळत नाही. जन्मल्यावर वर्षभर कोण बोलतं? अण्णा तरी कुठे बोलले होते? मग ‘आम्ही’ कशाला? त्यांनी समासात प्रश्नचिन्ह काढलं, खोडलं आणि पुन्हा काढलं. मराठीत ‘आम्ही’ म्हटलं की ऐकणारा बाहेर राहतो आणि ‘आपण’ म्हटलं की तो आत येतो, हे शाळकरी पोरालाही न शिकवता कळतं. हे वाक्य तर सगळ्यांना आत घेत होतं. त्यातला ‘आम्ही’ तेवढा लोकांना बाहेर ढकलत होता.

त्यांनी रेवाला विचारलं, एका शब्दाची शंका आहे, पट्ट्यातली मूळ नोंद पाहिली तर चालेल का. ती नोंद रेवाच्या मालकीची, तिच्या परवानगीशिवाय ती कुणालाही उघडता येत नसे. रेवानं बोटं हलवणं थांबवलं नाही. बऱ्याच वेळानं पट्टा बोलला, “बघा पूर्णविराम.”

बुधवारी अण्णा केंद्रात गेले. तिथलं काम तस्नीम मोमीन बघत असे. तिचे आजोबा अण्णांच्या संघटनेत होते, त्यामुळे ती अण्णांना आधी चहा पाजी आणि मग ओरडे. पट्टा ओला करू नका म्हणून ती त्यांच्यावर आजवर चारदा ओरडली होती. तिनं एकसष्टावं पान उघडलं आणि मूळ नोंद पडद्यावर घेतली. एकाखाली एक दोन रेघा होत्या, वरची ओठांची, खालची घशाची. तस्नीम बराच वेळ त्या रेघांकडे बघत राहिली, मग खुर्ची वळवून म्हणाली,

“अण्णा, घशावर हात ठेवा बघू. आता ‘आम्ही’ म्हणा.”

अण्णांनी म्हटलं. बोटांखाली घसा पहिल्यापासून शेवटपर्यंत घुमत राहिला.

“आता ‘आपण’ म्हणा, सावकाश.”

अण्णा म्हणाले. ‘आ’ घुमला, मग ओठ मिटले आणि घसा थांबला. पापणी लवावी एवढाच वेळ, पण साफ थांबला. मग पुन्हा घुमू लागला. अण्णांनी पुन्हा म्हणून पाहिलं, मग पुन्हा. अडुसष्ट वर्षांत हा शब्द त्यांच्या तोंडून किती वेळा गेला असेल याची गणतीच नाही, आणि त्याच्या मधोमध एवढी शांतता आहे हे त्यांना माहीतच नव्हतं. म्हातारा माणूस स्वतःचा गळा धरून लहान मुलासारखा ‘आपण, आपण’ म्हणत बसला होता आणि तस्नीमनं त्याला म्हणू दिलं.

मग तिनं समजावून सांगितलं. दोन्ही शब्द ‘आ’नं सुरू होतात आणि दोन्हींत लगेच ओठ मिटतात, त्यामुळे वरची रेघ जवळजवळ सारखीच दिसते. पुढचं क्रियापदही दोन्हींना एकच, ‘जातो’ काय आणि ‘आहोत’ काय, म्हणून उरलेल्या वाक्यावरूनही पत्ता लागत नाही. फरक राहतो तो ‘प’ला घसा थांबतो तेवढाच, आणि इतक्या क्षीण संदेशात तो खंड पट्ट्याला भरवशाचा वाटत नाही. अशा वेळी पट्टा सवयीवर जातो. तस्नीमनं पडद्यावर बोट ठेवलं. एकसष्टाव्या पानावर घशाची रेघ चालत आली होती, एका जागी खाली बसली होती आणि पुन्हा उठली होती.

“रेवाताईंनी ‘आपण’च म्हटलंय,” ती म्हणाली. “यंत्रानं ‘आम्ही’ छापलं.”

यंत्राला ही सवय कुणी लावली, असं अण्णांनी जरा घुश्शातच विचारलं. तस्नीमनं पहिल्या पंधरा दिवसांची नोंद काढली आणि पडदा त्यांच्याकडे वळवला. त्या पंधरवड्यात यंत्रानं तेवीस वेळा ‘आपण’ असं बरोबर लिहिलं होतं. तेवीसच्या तेवीस वेळा कुणीतरी ते खोडून ‘आम्ही’ केलं होतं. दुरुस्ती करणाऱ्याचं नाव प्रत्येक ओळीपुढे होतं. हणमंत बुगड.

अण्णांना ते सगळं आठवलं. संघटनेत पहिल्याच आठवड्यात त्यांना एका जुन्या कार्यकर्त्यानं बजावलं होतं, की मागणीपत्रात ‘आपण’ कधी लिहू नकोस, ‘आपण’ लिहिलं की मालकही त्यात येऊन बसतो. चाळीस वर्षं त्यांनी तो नियम पाळला होता. लेकीचं पहिलं लिखाण पडद्यावर उमटू लागलं, तेव्हा त्यांना केवढा अभिमान वाटला होता. पोरगी हक्कांबद्दल लिहितेय, तर तिच्या भाषेला धार हवी, म्हणून कौतुकानं, बापाच्या मायेनं त्यांनी शब्द दुरुस्त केला होता. आणि खरं सांगायचं तर आणखी एक कारण होतं. या घरातला मालक कोण होता, हे त्यांना ठाऊक होतं. रेवा आपल्याला आत घेईल हे त्यांच्या स्वप्नातही आलं नव्हतं.

तस्नीमनं सबंध पुस्तक मूळ नोंदीवर ताडून पाहिलं. त्याला चहा निवेपर्यंतचा वेळ लागला. ‘आम्ही’ हा शब्द पुस्तकात चारशे बारा ठिकाणी होता. त्यातल्या तीनशे शहाण्णव ठिकाणी घशाची रेघ मध्येच बसली होती.

अण्णा एकेक पान सरकवत वाचत गेले आणि जिथे ‘आम्ही’ दिसेल तिथे मनात ‘आपण’ म्हणत गेले. वर्षभर पाठ झालेलं पुस्तक त्यांच्या डोळ्यांदेखत दुसरंच झालं. ‘आपल्याला प्रकाश टोचतो.’ त्यांना खरंच टोचत असे, फक्त कधी कुणाला सांगितलं नव्हतं. ‘आपण एकाच वेगानं चालावं असं कुणी ठरवलं?’ ही ओळ आधी एका समाजाची दुसऱ्या समाजाकडे मागणी होती. आता ती कारखान्यातल्या भोंग्यावर उठणाऱ्या प्रत्येक माणसाची झाली. रेवा एका बाजूला उभी राहून पलीकडच्यांना जाब विचारत नव्हती. माणूस म्हणून सगळेच कसे वेगवेगळ्या घडणीचे आहेत आणि एकाच मापाच्या दुनियेत सगळ्यांचाच कसा जीव गुदमरतो, हे ती सांगत होती. कधी एक शब्द न बोललेल्या त्यांच्या पोरीनं साऱ्या जगाला धरून विचार केला होता.  आयुष्यात अण्णांनी पुष्कळ क्रांतिकारक पुस्तकं तपासली होती, पण वाचता वाचता टोपी काढून ठेवावीशी आजच वाटली.

उरलेली सोळा ठिकाणं त्यांनी शेवटी पाहिली. ती सगळी ‘हात खाली’ या एकाच प्रकरणात होती. ‘आम्ही हात खाली ठेवले.’ तिथे घशाची रेघ कुठेही बसली नव्हती. तिथे ती खरोखरच ‘आम्ही’ म्हणाली होती, आणि तिथे अण्णा बाहेरच्या बाकावरच होते. त्यांनी ते प्रकरण मिटलं. निघताना तस्नीमनं घशाची रेघ घरच्या पडद्यावरही दिसेल अशी सोय करून दिली.

गुरुवारी सकाळी रेवाचं खिडकीपाशी उभं राहणं संपेपर्यंत अण्णा थांबले. ती येऊन टेबलापाशी बसली, तेव्हा त्यांनी तिला सगळं सांगितलं. तेवीस खोडाखोडी, मागणीपत्राचा नियम, तीनशे शहाण्णव. आवाज चढू न देता सांगितलं, कारण चढलेला आवाज तिला टोचतो. चूक कबूल करायची त्यांना सवय नव्हती, त्यामुळे बोलताना अर्धी वाक्यं अर्धीच राहिली. शेवटी त्यांनी विचारलं, की यंत्र चुकलं तर तू टेबल आपटायचीस, मग मी शब्द बदलत होतो तेव्हा का नाही आपटलंस?

रेवाचं उत्तर यायला वेळ लागे. अण्णा पूर्वी त्या वेळात काहीतरी बोलत राहत. आज गप्प बसले. पडद्यावर एकेक शब्द उमटत गेला आणि पट्टा तो म्हणत गेला.

“तुम्ही तेवीस वेळा खोडलंत. मला वाटलं, तुम्हाला आत यायचं नाही. मग मी हात खाली ठेवले.”

अण्णांना वाटलं, आता पुढचं काही आपल्याच्यानं ऐकवणार नाही. तरी त्यांनी विचारलं.

“मग पुढं सबंध पुस्तकभर तेच म्हणत का राहिलीस? छापून तर ‘आम्ही’च येत होतं.”

“कारण ते खरं होतं.”

वर्षभर रोज सकाळी ही मुलगी याच टेबलाशी बसून ‘आपण’ म्हणत होती, नको म्हणालेल्या बापाला धरून, तो शब्द कुणाच्याही नजरेला पडणार नाही हे ठाऊक असताना. अण्णांनी चष्मा काढला. मोर्चे, उपोषणं, लाठ्या, तुरुंग, हे सारं त्यांनी पाहिलं होतं, पण असली चिकाटी आणि असली माया पाहिली नव्हती. आपल्या घरात काय राहत होतं हे आपल्याला एकतीस वर्षं दिसलं नाही, हे त्यांना त्या क्षणी लख्ख कळलं आणि त्याची लाज वाटण्याआधी नवलच वाटलं.

थोड्या वेळानं त्यांच्यातला जुना कार्यकर्ता उठून बसलाच. त्यांनी विचारलं, की ‘आपण’ म्हटल्यावर मालक आत येऊन बसतो, त्याचं काय करायचं?

“येऊ दे,” पट्टा म्हणाला. “बाहेर ठेवला तर नुसता बघत बसतो. आत आला की त्याला बदलावं लागतं.”

अण्णांनी पेन घेतलं आणि पुस्तकाच्या नावापासून सुरुवात केली. काम संपत आलं होतं तेवढ्यात पुण्याहून प्रकाशकाचा, निरंजन वैशंपायनचा फोन आला. निरंजन भला माणूस होता, पण अण्णांचं ऐकून तो हबकला. मुखपृष्ठ झालं होतं, न बोलणाऱ्यांच्या संघटना या पुस्तकाची वाट बघत होत्या, ‘आम्ही’ हाच त्या पुस्तकाचा कणा होता. चारशे शब्दांच्या खुणा यंत्रात दिसल्या असं अण्णा म्हणत होते, ते तो समजून घ्यायला तयार होता. पण लोक काय म्हणतील, हे त्यानं आडपडदा न ठेवता सांगितलं. बोलणाऱ्या बापानं न बोलणाऱ्या मुलीच्या पुस्तकातला शब्द ऐनवेळी बदलला, आणि नेमका तोच शब्द, जो बापाला बोचत होता.

“अण्णा, राग मानू नका,” निरंजन म्हणाला. “हे ठरवलंय कुणी? तुम्ही की रेवानं?”

अण्णांना राग आला नाही, कारण प्रश्न रास्त होता. त्यांनी काहीही उत्तर दिलं असतं तरी ते बोलणाऱ्या बापाचंच उत्तर ठरलं असतं, आणि मग पुस्तक पुन्हा तिच्या हातून गेलं असतं. त्यांनी फोन रेवासमोर ठेवला.

निरंजन दोनदा हॅलो म्हणाला. अण्णांनी त्याला थांबायला सांगितलं. रेवाची बोटं टेबलावर हलत होती, आणि ती खाली ठेव असं म्हणणारं तिथे कुणी नव्हतं. पडद्यावर घशाची रेघ हलू लागली. अण्णा तिच्याकडे बघत राहिले. ती निघाली आणि शेवटपर्यंत गेली, मध्ये कुठेही बसली नाही.

“आम्ही ठरवलंय,” पट्टा म्हणाला.

फोनवर निरंजन विचारत होता, आम्ही म्हणजे कोण, संघटना का? अण्णांना उत्तर माहीत होतं, या वेळी ते बाहेरच्या बाकावर नव्हते. त्यांनी तोंड उघडलं, पण शब्द काही केल्या बाहेर पडेना. रेवानं त्यांच्या वतीनं काही सांगितलं नाही. ती त्यांच्याकडे बघत थांबली. माणसाला बोलायला वेळ लागतो, हे तिला ठाऊक होतं.